नावं तशीच ठेवायची

१२ मार्च

टिपकागद,

तू पत्र उघडलंस म्हणजे अर्धं काम झालं. फोन तू उचलत नाहीस, आणि उचललास तरी "आई शेजारी आहे, नंतर" म्हणून ठेवून देतेस. तीन वर्षं हेच चाललंय. लिहिलेलं मात्र तू वाचल्याशिवाय राहणार नाहीस. औषधाच्या डबीतला कागदसुद्धा तू चुका काढत वाचतेस, मला माहीत आहे.

तुमचा छापखाना बंद पडल्याचं माझ्या आईकडून कळलं. बावीस वर्षं प्रुफं तपासून आता झेरॉक्सच्या दुकानात लोकांच्या दाखल्यांच्या प्रती काढतेस म्हणे. मावसभाऊ म्हणून वाईट वाटलं. खोटं नाही बोलत.

तर काम आहे. आपल्या 'पैलतीर' गेमचं दर महिन्याला अपडेट निघतं. काय बदललं, काय दुरुस्त झालं, याचं एक वर्णन आमचा तांत्रिक माणूस लिहितो. ते गेम विकणाऱ्या ऑनलाइन दुकानाच्या पानावर जातं. तेच आमच्या साइटवरही टाकायचं असतं, पण दोन्हीकडे तेच शब्द दिसले की गूगल एकाला मागे ढकलतं. म्हणून साइटसाठी तोच मजकूर दुसऱ्या शब्दांत हवा. अर्थ तोच, शब्द वेगळे. समानार्थी शब्द तुला झोपेतसुद्धा सुचतात.

नियम एकच, आणि तो पक्का. नावं तशीच ठेवायची. नावाडी तो नावाडी, त्याचा खलाशी करायचा नाही. कोतवाल, काळदांडा, दगडी पूल, जे काही नाव असेल त्याला हात लावायचा नाही. बाकी काय हवं ते बदल.

बघ जमतंय का. तुझा राग अजून ताजा असेल तर राहू दे.

दादा


१५ मार्च

दादा,

तुझ्या पत्रात ऱ्हस्व-दीर्घाच्या सात चुका आहेत. त्या मी लाल पेनने दुरुस्त केल्या आणि मग वाचलं.

"आपल्या पैलतीर गेमचं" हे शब्द मात्र दुरुस्त करता आले नाहीत. तो गेम घोगऱ्याचा, माझ्या भावाचा. त्याने आमच्या जेवणाच्या टेबलावर वहीत नदी काढली, घाट काढला, नावाड्याचं एकेक वाक्य मला वाचून दाखवलं. तू यंत्रं आणलीस, माणसं आणलीस, मान्य. पण गेम सुरू होताना जी नावं येतात त्यात त्याचं नाव पहिल्या वर्षी होतं आणि तो जायच्या महिनाभर आधी नाहीसं झालं. "तुझं नाव काढीन बघ जगात" असं तू त्याला म्हणायचास. काढलंस की. अगदी शब्दशः काढलंस.

त्याला पोचवून आलो तेव्हा चार माणसांत मी तुला चोर म्हणाले. तो शब्द मी आजही बदलणार नाही.

तरी काम घेते. कारण सांगते, मग तुला हसायचं तर हस.

आईला आता उजेड आणि अंधार एवढंच दिसतं. कानही उतरलेत. तिला दुपारी काँप्युटरसमोर बसवते. एका बटणावर मी कापसाचा गोळा चिकटवलाय, तो तिला बोटाने सापडतो. तो दाबला की नावाडी बोलतो, घोगऱ्याच्या आवाजात. "ये, बस. पाय आत घे. घाबरू नको, मी आहे ना." आई म्हणते, "बसले रे." परत दाबते. परत तेच. दोन तास चालतं. तिला गेम म्हणजे काय हे कळत नाही, तो आत कुठेतरी आहे एवढं कळतं.

काँप्युटर जुना झालाय, मध्येच बंद पडतो. मोबाइल धरून आवाज घेऊन बघितला, तर नदीचा खळखळाट वर आणि तो खाली. शिवाय त्याने चौतीस वाक्यं बोलून ठेवलीत आणि मी पाचांपर्यंतच पोचते. पुढची ऐकायला कोतवालाला मारावं लागतं. मला तो दरवेळी पुलावरून खाली फेकतो.

मला तुझे पैसे नकोत. ती चौतीस वाक्यं, नदीशिवाय, नुसता त्याचा आवाज, एवढं दे. बोल कबूल आहे का.

– टिपकागद


१९ मार्च

टिपकागद,

कबूल. रागात असलीस तरी सौदा नीट करतेस.

पण आधी काम. मागची दोन आणि एप्रिलचं, अशी तीन अपडेट कर, मग आवाज. उधारीवर मी कोणाला काही देत नाही, नात्यातल्याला तर नाहीच.

पहिला मजकूर सोबत पाठवलाय. नमुन्यादाखल दोन ओळी इथेच देतो, म्हणजे घोळ नको. मूळ ओळ: "कोतवालाचा वेग कमी केला. दगडी पुलाखाली माणसं अडकत होती, ते दुरुस्त केलं." तुझ्याकडून मला असं काहीतरी हवं: "कोतवाल आता सावकाश चालतो. दगडी पुलाखाली रुतणाऱ्यांची सुटका झाली." नावं जागेवर, बाकी नवं.

आणि हो, मला तू चोर म्हणालीस तेव्हा चार नव्हे, चाळीस माणसं होती. माझे दोन भागीदार होते. त्यातला एक पुढच्या आठवड्यात सोडून गेला. तुला तेव्हा समानार्थी शब्द सुचला नाही का गं?

असो. जुनं झालं.

दादा


२ एप्रिल

दादा,

पहिला मजकूर मिळाला असेल. दुसरा सोबत आहे. "काळदांड्याचा मार वाढवला" याचं "काळदांड्याचा तडाखा आता जबर बसतो" केलंय. "नौकेचं वल्हं अधूनमधून गायब होत होतं" याचं "वल्हं आता हातचं सुटणार नाही" केलंय. खोटं कशाला सांगू, मजा आली. छापखान्यात दुसऱ्याच्या चुका काढायच्या होत्या, स्वतःचा शब्द घालायची मुभा कधी नव्हती. आई विचारत होती, कसलं हसतेस. म्हटलं, घोगऱ्याच्या गेममधला कोतवाल लंगडा झालाय. म्हणाली, बरं झालं मेल्याचं.

आता एकच राहिला. आवाज तयार ठेव.

– टिपकागद


५ एप्रिल

टिपकागद,

दुसरा मजकूर वाचला. भागीदाराने परत पाठवला. मला त्याच्यासमोर मान खाली घालावी लागली.

दर दुसऱ्या ओळीत "ठेवलं". नौका बांधून ठेवली, दिवे लावून ठेवले, पहारा बसवून ठेवला. काय चाललंय? तू घर आवरतेस की मजकूर लिहितेस? "ठेवणे" हे क्रियापद तुला जडलंय. छापखान्यातल्या बाईला एवढं कळू नये? बावीस वर्षं तिथे काय टिपत होतीस मग?

हा एवढ्यापुरता चालवून घेतो. तिसऱ्या मजकुरात दोन गोष्टी पाळ. एका पानावर एक क्रियापद दोनदा आलेलं चालणार नाही. आणि "ठेवलं" हा शब्द मला दिसला तर आपला सौदा मोडला. आवाजबिवाज काही मिळणार नाही. काय समजलीस?

मूळ मजकूर सोबत. यावेळी मोठा आहे, एक्केचाळीस ओळी. सोमवारपर्यंत हवा.

दादा


११ एप्रिल

दादा,

घे. एक्केचाळीस ओळी, एक्केचाळीस क्रियापदं, एकही दोनदा नाही. आणि या खेपेला एकही "ठेवलं" ठेवलेलं नाही. तुझ्या भागीदाराला भिंग घेऊन शोधायला सांग.

तीन दिवस दुकानात झेरॉक्सच्या यंत्राशेजारी कागद ठेवून करत होते. गिऱ्हाईक प्रती मागायचं आणि मी म्हणायचे, थांबा हो, "वगळणे"ला दुसरा शब्द सांगा. एका म्हाताऱ्या वकिलाने "गाळणे" सांगितला, तो एकोणिसाव्या ओळीत वापरलाय. शेवटी शेवटी शब्द संपत आले. काढला, हटवला, वगळला, गाळला, सगळे आधीच खर्ची पडले होते. अडतिसावी ओळ होती "साठा चार काढून ठेवला." साठा चार म्हणजे काय ते मला ठाऊक नाही. पण नाव दिसतंय म्हणून त्याला हात लावला नाही, तुझा नियम आहे ना. "साठा चार कायमचा पुसून टाकला" असं केलंय. जरा ठसठशीत वाटतं.

झालं माझं. आता तुझं.

आईला सांगितलंय की घोगऱ्याचं सगळं बोलणं येतंय, पाच नाही, चौतीस वाक्यं. तिने विचारलं, "मग माझं नाव घेतो का एखाद्यात?" मला माहीत नाही. घेतो का रे? तू ऐकली असशील सगळी.

– टिपकागद


१४ एप्रिल

टिपकागद,

उत्तम! यावेळी नाव ठेवायला जागा नाही. एक अक्षरही न बदलता साइटवर टाकला.

आणखी एक. आमच्याकडे सर्व्हर सांभाळायला नवा गृहस्थ आलाय, नाकासमोर चालणारा. त्याला मूळ मजकुरातली तुटक भाषा समजत नाही म्हणाला. मी तुझाच पाठवला आणि सांगितलं, यात लिहिलंय तसं करून घ्या, ओळीमागे ओळ. बघ, तुझ्या भाषेची किंमत!

अपडेट वीस तारखेला निघेल. तोवर धीर धर.

दादा


२२ एप्रिल

दादा,

हे काय केलंस?

काल दुपारी मी स्वयंपाकघरात होते. आईने बटण दाबलं. आतून कोणीतरी म्हणालं, "ये, बस. पाय आत घे." घोगरा नव्हता. स्वच्छ, गुळगुळीत, जाहिरातीतला माणूस बोलतो तसा. मला वाटलं दुसरंच काही लागलंय. धावत गेले. नावाडी तोच, टोपी तीच, नदी तीच. तोंड उघडलं की दुसराच माणूस.

आईने बोटाने परत कापूस चाचपला. तिने परत दाबलं. परत दाबलं. मग पुन्हा. रात्रीपर्यंत दाबत राहिली, दोन तासांवरून पाच तास. चहा गार झाला. ती त्याला शोधतेय, दादा. तिला वाटतंय परत परत दाबलं तर तो सापडेल.

मी तीन मजकूर केले. चोख केले. तू कबूल केलं होतंस. भांडायचं नाही मला, खरंच नाही. नवा आवाज घातलास तर घाल, तुझा गेम आहे. हो, लिहिते, तुझा गेम आहे. पण जुनी चौतीस वाक्यं मला दे. आज दे. तुझ्या पाया पडते.

– टिपकागद


२५ एप्रिल

टिपकागद,

पाया पडतेस हे वाचून बरं वाटलं. सवय लावून घे.

आता नीट वाच, तुला वाचता येतं. खेळणारे वर्षभर तक्रार करत होते. नावाड्याला सर्दी झालीय का, त्याला गोळ्या द्या, असलं काहीबाही लिहायचे. म्हणून नवा आवाज घेतला. बाहेरचा माणूस कशाला, मीच बोललो. चौतीसच्या चौतीस वाक्यं एका सकाळी. गुळगुळीत म्हणालीस, आभारी आहे.

जुना आवाज कुठे होता? साठा चारमध्ये. साठा चार म्हणजे घोगऱ्या. दुसरं काही नव्हतंच त्यात.

मूळ ओळ काय होती, काढ तुझा कागद. "काढून ठेवला." म्हणजे बाजूला, दुसऱ्या कप्प्यात, नीट बांधून. तिथूनच तुला प्रत द्यायची होती. तू काय लिहिलंस? "कायमचा पुसून टाकला." नाकासमोर चालणाऱ्या गृहस्थाने ते वाचलं आणि केलं. कायमचा म्हटलंय म्हणून त्याने त्याची राखीव प्रतसुद्धा पुसली. मला येऊन सांगितलं, "साहेब, अडतिसावी ओळ झाली."

तुझ्या भावाला मी काढलं होतं, हे मान्य. पुसलंस तू. स्वतःच्या हाताने. आणि वर ठसठशीत वाटतं असं लिहून पाठवलंस.

तू विचारशील, तुला दिसलं नाही का? दिसलं की. मजकूर आला त्या दिवशीच दिसलं. अडतिसाव्या ओळीवर बोट ठेवून मी पाच मिनिटं बसलो होतो. पण तू टिपकागद. तुझ्या हातून चूक होत नाही असं अख्ख्या घराण्यात सांगत आलीस. म्हटलं, आपण कोण दुरुस्त करणारे.

आणि मावशीचं नाव तो एकाही वाक्यात घेत नाही. तेवढं तुझ्या आईला सांग.

दादा


२ जून

टिपकागद,

सव्वा महिना झाला, तुझं एक अक्षर नाही. माझी आई म्हणते तू दुकानात जाणं सोडलंस, कागद समोर आला की उलटा करून ठेवतेस म्हणे. गेल्या आठवड्यात ती तुझ्याकडे आली तर तू दार अर्धंच उघडलंस. एवढं मनाला लावून घ्यायचं?

मला वाटलं होतं तू चिडशील, शिव्या घालशील. शांत बसणं हा तुझा स्वभाव नाही.

ऐक. आवाजाची पहिली मूळ प्रत आहे. घोगऱ्याने माझ्याच खोलीत बसून बोललेली, नदी घालायच्या आधीची. ती सर्व्हरवर कधी नव्हतीच, माझ्या कपाटात आहे. पहिल्यापासून होती. बारा मार्चला होती, पंचवीस एप्रिललाही होती. मुद्दाम नाही सांगितलं. स्वतःला चोर म्हणवून घेऊन मी तीन वर्षं काढली. तू सव्वा महिना काढलास, फार नाही.

लेखी माफी पाठव. "तू चोर नाहीस" हे स्पष्ट लिहिलेलं हवं. पाठवलीस की दुसऱ्या दिवशी तुझ्या दारात आवाज.

मावशी कशी आहे? ती काय म्हणते नव्या आवाजाला?

दादा


८ जून

दादा,

तू चोर नाहीस. उचल्या नाहीस, भामटा नाहीस, लुच्चा नाहीस, दरोडेखोर नाहीस, खिसेकापू नाहीस. सगळे शब्द घातलेत, एकही दोनदा नाही. भागीदाराला दाखव.

मी माफी मागते. नाक घासून मागते. चाळीस माणसांचे पत्ते पाठवलेस तर चाळीस प्रती काढून धाडते, यंत्र दुकानात आहेच.

सव्वा महिना मला वाटत होतं की मी माझ्या भावाला दुसऱ्यांदा मारलं. सकाळी उठले की पहिली तीच ओळ आठवायची. आता कळलं की तू कपाटाला किल्ली लावून ते बघत होतास. यावर मला एकही शब्द सुचत नाही, सख्खा नाही आणि समानार्थी नाही.

आई ठीक आहे. आवाज पाठव.

– टिपकागद


२० जुलै

दादा,

आवाज मिळाला. दहा जूनलाच मिळाला. उत्तराला चाळीस दिवस लागले. काय झालं ते सांगते. तुला ऐकायची हौस होती ना, आई काय म्हणते त्याची.

मी पहिल्यांदा एकटीने ऐकला. दार लावून. चौतीसच्या चौतीस. मध्ये तो खोकतो, एकदा हसतो, एकदा कोणाला तरी "थांब रे, परत घेतो" म्हणतो. तो तुला म्हणतोय ते. मी जमिनीवर बसून भोकाड पसरलं. तेवढं माझं सुख झालं.

मग आईला बसवलं. म्हटलं, आई, आणला बघ. तिच्या कानाशी लावला. "ये, बस. पाय आत घे. घाबरू नको, मी आहे ना."

आईने तोंड वाकडं केलं. म्हणाली, "हा कोण मेला बेडकासारखा बोलतो? बंद कर. माझ्या मुलाला लाव."

मला वाटलं ऐकू आलं नसेल. मोठ्याने लावला. तिने हाताने ढकलून दिला आणि कापसाचा गोळा चाचपला. तुझा आवाज आला. आई म्हणाली, "बसले रे बाळा."

एप्रिलमध्ये मी तुला लिहिलं होतं की ती त्याला शोधतेय, म्हणून सारखं बटण दाबतेय. चुकलं माझं. तिला सापडला होता. तुझा आवाज तिच्या उतरलेल्या कानांना स्वच्छ ऐकू येत होता, घोगऱ्याचा कधीपासून नीट येतच नव्हता. आत्ता मला सांगते, "त्याचा घसा बरा झाला तेव्हापासून कसा छान बोलतो." मावसभावांचे आवाज मुळात जवळचेच. त्याचा घसा घोगरा व्हायच्या आधी, लहानपणी फोनवर मीसुद्धा फसायचे.

तीन दिवस मी तिला समजावलं. आई, हा घोगऱ्या नाही, हा दादा आहे, मावशीचा. चौथ्या दिवशी तिने डोकं हलवलं. मला वाटलं पटलं. म्हणाली, "म्हणजे तो दादाकडे राहतो होय? आणि तीन वर्षं मला सांगितलं नाहीस तू? भावाचा एवढा दुस्वास?" मग माझ्याशी बोलणंच टाकलं. हाताने चाचपत कपाटातून पिशवी काढली आणि कपडे भरले. रोज सकाळी पिशवी घेऊन दाराशी बसते. तो बोलावतोय म्हणते. ये, बस, पाय आत घे. बरोबरच आहे, बोलावतोच आहेस की तू, दिवसाला दोनशे वेळा.

सहा वर्षं मी तिचं केलं. अंघोळ घालते, डोळ्यांत थेंब घालते, रात्री तीनदा उठते. आणि ती माझा हात झिडकारून तुझ्या आवाजाला बाळा म्हणते. आधी वाटलं छाती फुटेल. मग एके दिवशी दाराशी बसलेली बघितली आणि खरं सांगते, काहीच वाटलं नाही. पिशवीत तिची औषधं मीच भरली.

गुरुवारी अकराच्या गाडीने तिला घेऊन येते. तुझ्या ऑफिसच्या दारात सोडेन. आत येणार नाही. थेंब सकाळ-संध्याकाळ, गोळ्या जेवणानंतर, तिला एकटीला जिन्यावर सोडायचं नाही. कापसाचा गोळा सोबत देत नाही. आता तुझी गरज आहे, त्याची नाही.

नको म्हणायचं असेल तर तूच तिला तोंडाने सांग. तुझं ती ऐकते.

घोगऱ्याचा आवाज मी माझ्यापाशी काढून ठेवलाय.

– टिपकागद


६ ऑगस्ट

टिपकागद,

थट्टा पुरे. तू आत पाऊलसुद्धा टाकलं नाहीस. पोर्चमध्ये तिला बाकावर बसवून निघून गेलीस. मी मीटिंगमध्ये होतो. बाहेर येऊन "मावशी, तू इथे?" एवढंच म्हणालो. तिने माझा चेहरा दोन्ही हातांनी धरला. सोडेचना.

दोन आठवडे झाले. मी बोललो नाही तर ती जेवत नाही. घरात तोंड बंद ठेवून फिरायचं म्हटलं तर सगळीकडे हाका मारत, भिंतींना धडकत फिरते. परवा कपाळाला खोक पडली. माझ्या आईने सांगून बघितलं, तर तिलाच म्हणाली, "तुझा मुलगा कुठे गेला गं? माझा तेवढा परत आला."

घरी ठेवली तर रडते, म्हणून ऑफिसात आणावी लागते. बाकावर बसते आणि येणाऱ्या-जाणाऱ्याला सांगते, हा गेम माझ्या मुलाने केला, आमच्या टेबलावर वहीत नदी काढली होती. नवी माणसं मला विचारतात, सर, घोगऱ्या म्हणजे तुम्हीच का? काल त्या ऑनलाइन दुकानवाल्यांची माणसं आली होती. त्यांच्यासमोर तिने हाक मारली. मी ओ दिली नाही. ती उठली आणि ओरडायला लागली. शेवटी द्यावी लागली. सगळ्यांसमोर, त्या नावाला. भागीदाराने आज विचारलं, सुरुवातीच्या यादीत हे नाव कधीकाळी होतं ना, मग काढलं का?

तू जिंकलीस. मान्य. तिला घेऊन जा. नाहीतर निदान फोनवर समजाव. मला मावशीचं करायला काही वाटत नाही, पण तिने मला माझ्या नावाने हाक मारायला हवी. मी घोगऱ्या नाही. रोज वीस वेळा त्या नावाला ओ देऊन मला वेड लागायची पाळी आलीय.

मी काय करू, सांग.

दादा


९ ऑगस्ट

दादा,

नावं तशीच ठेवायची. बाकी काय हवं ते बदल.

– टिपकागद